डोहाळजेवणाच्या पंगतीत मागून तिसरी

आधी शूटिंगवरच्या संडासाचं बोलू. चाळीस बायकांना एक, त्यालाही कडी नाही. एकीने आत जायचं, दुसरीने दार धरायचं. मालिकेतल्या बंगल्याला बाथरूम पाच, पण सगळी प्लायवूडची. झालं, आता नमस्कार. मी सांगते, नात टाइप करते.

शेजारची सुमन बारा वर्षं मालिकांमध्ये मागे बसते. लग्नात पाहुणी, कोर्टात पब्लिक, मयताला शेजारीण. मंगळवारी तिला अंधेरीला आठ बायका न्यायच्या होत्या, त्यातली एक तापाने पडली. म्हणाली, "काकू, चला ना. नुसतं बसायचंय." बसायला मला कोण शिकवणार?

दहिसरहून सकाळची पहिली मेट्रो धरा, जागा मिळते. उतरून रिक्षा. साड्या आपल्याच न्यायच्या, पांढरी सोडून. नाश्त्याला उपमा असतो. भिंतीला लावायला बरा.

प्रसंग डोहाळजेवणाचा. पुढे हिरोईन रडतेय, मागे आम्ही पंगतीत. सुमनने बजावलं होतं, ओठ हलवायचे पण आवाज नको, घास तोंडापाशी न्यायचा पण खायचा नाही. मी बिनआवाजात सुनेला मनसोक्त बोलून घेतलं, फार बरं वाटलं. पण पुरणपोळी पानात टाकून बसायचं? आम्हा कोकणातल्यांना ते जमत नाही. पहिल्या टेकला संपवली. त्यांनी दुसरी वाढली, तीही संपवली. तिसरीनंतर त्यांचा डबाच रिकामा झाला.

सगळं थांबलं. मघाशी पानात पोळी होती, आता नाही, हे पडद्यावर चालत नाही म्हणे. बायका पुरवणारा दादा आला. मला काही न बोलता सुमनवर घसरला, उद्यापासून येऊ नकोस म्हणाला. तिचं घर या कामावर चालतं, तरी तिचे नुसते ओठ हलले. बारा वर्षांची सवय.

मी पिशवी उचलली. "चूक माझी. मी निघते, तिला ठेवा."

दादा आडवा आला. "आजी, बसा. सकाळपासून तुम्ही मागे दिसताय. गेलात तर सगळं परत काढावं लागेल."

असं आहे होय. म्हटलं, "सुमनला सोमवारच्या शूटिंगला बोलावणार?"

"बघू."

मी चप्पल घातली.

"बोलावतो. बसा आता."

बसले. पोळी म्हणून हळद फासलेली चपाती वाढली, तिला मात्र मी हात लावला नाही.

शनिवारी घरी भाग बघितला. हिरोईनच्या कानामागे दोन सेकंद माझा अंबाडा. सुमन खांबामागे अख्खी गेली. आता मालिका लावली की रडणारीकडे माझं लक्षच नसतं. मागे ट्रे घेऊन उभी आहे तिचे पाय किती दुखत असतील, ते बघत बसते.

उद्या सोमवार. सुमन फोन उशाशी घेऊन बसलीय, तो काही वाजत नाही. नात हे सगळं इथे टाकून दादालाही पाठवणार आहे. तेव्हा खाली "मस्त लिहिलंय आजी" वगैरे कुणी लिहायचं नाही. दादानेच लिहायचं, सुमनने किती वाजता यायचं ते. आणि स्वतः, असिस्टंटकडून नाही.