नावेत जनावर घेत नाहीत

दहाव्याला कावळा लगेच शिवला. पिंड ठेवून मी दोन पावलं मागं सरलो नाही तोवर बाभळीवरून उतरला आणि भाताला चोच मारून गेला. नदीवर जमलेले सगळे म्हणाले, बाई समाधानानं गेली, मागं काही ठेवलं नाही. तिची एक इच्छा राहिली होती हे मला माहीत होतं. पण ती तिथं बोललो असतो तर लोकांनी मलाच येड्यात काढलं असतं. माझ्या बायकोला कॉम्प्युटरच्या गेममधल्या एका बेटावर जायचं होतं.

हे आता नीट सांगावं लागेल. आमची वस्ती काष्टीच्या अलीकडं, कालव्याला लागून. मी चौथी शिकलो. सगळा जन्म पाटकरी म्हणून कालव्यावर गेला. पाणी सुटलं की चारीचारीनं ते पुढं न्यायचं, दारं उघडायची, कुणाची पाळी कधी ते बघायचं आणि दोन्हीकडच्या शिव्या खायच्या. ती सातवी शिकलेली. माझ्यापेक्षा तीन बुकं जास्त, आणि ती तीन बुकं तिनं मला चाळीस वर्षं ऐकवली.

धुण्याच्या दगडावर पाय घसरून तिचा खुबा मोडला. ऑपरेशन झालं, पण खाली बसणं कायमचं बंद. चूल, शेण, खुरपणी, सगळं सुटलं. खुर्चीवर बसून ती भिंतीकडं बघायची. पुण्यात नोकरीला असलेल्या आमच्या पोरीनं तिचा जुना कॉम्प्युटर आणून दिला. म्हणाली, आई, कीर्तनं बघत जा. हिनं आठ दिवस कीर्तनं बघितली. मग म्हणाली, "तेच तेच सांगत्यात. ह्यात दुसरं काय हाय?" पोरीनं कॉलेजात असताना खेळलेला एक गेम त्यात होता. तो हिनं धरला तो धरलाच.

गेम म्हणजे असा. एक बाई आपल्या हातात असते, तिला हिंडवायचं. गावं, डोंगर, जंगलं. वाटेत लोक कामं सांगतात, कुणाचा निरोप पोचव, कुणाचं हरवलेलं शोधून दे. मधे लांडगे आले की कुऱ्हाड घालायची. कामं केली की बाई हळूहळू ताकदीची होते. बोलणं सगळं इंग्रजीत. पोरीनं तिला एक वही करून दिली. कुठलं बटन दाबलं की काय होतं, कुठल्या शब्दाचा अर्थ काय. ती वही हिच्या मांडीवर कायम. ज्ञानेश्वरी एवढी वाचली असती तर तरली असती.

मी टोमणे मारायचो. "ह्या वयात बाहुल्या खेळती व्हय?"

"तुमी पारावर पत्ते कुटता, ते काय रामायण वाचता?"

त्या बाईबरोबर एक खेचर होतं, ओझं वाहायला. करड्या रंगाचं, एक कान जरा वाकडा. ही गेम चालू केला की सगळ्यात आधी त्याला गाजर घालायची. ते खाऊन मान हलवायचं. "बघा," ती म्हणायची, "जनावर असून मान हलवतंय. तुमी चाळीस वर्षं माझं जेवलात, एकदा बरं झालं म्हनला न्हाई." मी उठून बाहेर जायचो. आता वाटतं, म्हणायला काय जात होतं?

एका दिवाळीत पोरीनं तिला त्या गेमचा पुढचा भाग घेऊन दिला. जुना गेम तोच, पण समुद्रापलीकडं एक नवं बेट जोडलेलं. तिथं नवी गावं, नवी कामं. ही लहान पोरीसारखी खूष. चार दिवस शेजारणींना सांगत सुटली. मग एकदम गप्प झाली. मी विचारलं, "काय गं, गेलीस का बेटावर?"

"न्हाई उघडत. बिघाड हाय कायतरी."

"मंग भंगारात घाल."

तिनं माझ्याकडं बघितलं आणि वही मिटली. त्यानंतरही ती रोज गेम खेळायची, पण बेटाचं नाव काढायची नाही. पोरीनं फोनवर विचारलं तरी तेच. उघडत न्हाई. फाल्गुनात एका सकाळी खुर्चीत बसल्या जागी गेली. चहा अर्धा तसाच. भंगाराचं ते बोलणं आमचं शेवटचं नव्हतं, पण मला तेच आठवतं.

माघ लागला तसा पोरीचा फोन आला. "आबा, वर्षश्राद्धाला येते तेव्हा कॉम्प्युटर घेऊन जाते. धूळ खातोय." मी हो म्हणालो. आणि फोन ठेवल्यावर ध्यानात आलं. कॉम्प्युटर गेला की ती बाई गेली, खेचर गेलं, आणि बेट राहिलं ते राहिलंच. वर्ष घालायच्या आत हिला तिथं पोचवायचं असं मी ठरवलं. मला दुसरं तिच्यासाठी करण्यासारखं काही उरलं नव्हतं.

पोरीला सांगितलं तर ती आधी रडली, मग कामाला लागली. रोज दुपारी जेवणाच्या सुट्टीत फोन करायची. मी तिला म्हटलं, मला तुझं ते इंटरनेट कळत नाही, पण पाणी शेवटच्या शेतात पोचलं नाही तर काय करायचं ते कळतं. वरून बघत यायचं. धरणातून सुटलंय का? कालव्यात आहे का? चारीचं दार उघडलंय का? जिथं ओलं संपून कोरडं लागतं, तिथं अडलंय. ती म्हणाली, आबा, हे पण तसंच असतं.

मग आम्ही वरून बघत आलो. पुढचा भाग कॉम्प्युटरात उतरलाय का? उतरला होता. यादीत त्याच्यापुढं खूण करावी लागते, ती केलीय का? केली होती. पोरीला नवल वाटलं. "आईनं कधीच लावलीय की!" मग म्हणाली, गेम जुना राहिला असेल, नवा करून घ्यावा लागेल. त्यासाठी मोबाईल खिडकीत ठेवून त्याचं नेट द्यायचं. खिडकीत रेंज येईना, तेव्हा पत्र्याला शिडी लावली आणि मोबाईल पिशवीत घालून वळचणीला टांगला. मधेच लाईट गेली. दुसऱ्या दिवशी परत गेली. तिसऱ्या दिवशी काम झालं, तरी बेट काही दिसेना. पोर म्हणाली, मी कॉलेजात असताना त्यात फुकटचे कपडे नि केस घातले होते, ते नव्याशी भांडत असतील. ते काढले. मग म्हणाली, बाईची ताकद कमी असेल तर नावाडी बोलत नाही, कोपऱ्यातला आकडा सांगा. मी सांगितला. "अगं बाई! आईनं तर दुप्पट केलीय."

म्हणजे सगळीकडं ओलं होतं. दारं सगळी उघडी होती. अडलं होतं ते अगदी शेवटी.

"आता बंदरावर जायचं," पोर म्हणाली. "खालच्या अंगाला लाकडी धक्का हाय, तिथं नावाडी उभा असतोय. त्याच्याशी बोला. मी फोनवर हाय."

वही मांडीवर घेऊन मी त्या बाईला चालवत नेलं. मला धड चालवता येत नाही. दोनदा भिंतीला धडकली, एकदा विहिरीच्या कट्ट्यावर चढली. खेचर मागं मागं. बंदर आलं. नावाडी होता, दाढीवाला, म्हाताराच. त्याच्याशी बोलायचं बटन दाबलं तर चार ओळी इंग्रजी आली आणि खाली दोन ओळी, त्यातली एक निवडायची.

"काय लिहिलंय आबा? अक्षरं सांगा एकेक..." आणि फोन तुटला. मोबाईल स्पीकर लावून वळचणीला टांगलेला, मी आत. परत शिडी चढायची?

आमच्या पिढीची एक खोड आहे. वाचता येत नाही असं दिसू नये म्हणून आम्ही आधी हो म्हणतो. कालव्याच्या ऑफिसात साहेबानं कागद पुढं केला की सही करायची, मग बाहेर येऊन कुणाला तरी विचारायचं, काय होतं रे? काष्टीच्या जनावरांच्या बाजारात तर बोलणंसुद्धा नाही. रुमालाखाली एकमेकांची बोटं धरायची, दाबली की सौदा झाला. नंतर माघार नाही. मी वरची ओळ धरली आणि एन्टर दाबलं.

पडदा काळा झाला. मग समुद्र आला. नाव चालली होती, गाणं वाजत होतं, पुढं काळे खडक आणि त्यावर पांढरी पाखरं. मला एकट्याला हसू फुटलं. खुर्चीच्या पाठीवर हात ठेवून म्हणालो, "बघ गं, आलो." फोन सोडला तर वर्षभरात घरात मोठ्यानं बोललो ते तेवढंच.

बाई उतरली. मी तिला चार पावलं चालवली. मग वहीत बघून गाजराचं बटन दाबलं, कारण आल्याबरोबर ते करायचं असा हिचा नेम. काहीच झालं नाही. बाई मागं वळवली. मागं नुसता धक्का आणि पाणी.

खेचर नव्हतं.

मी सगळा किनारा हिंडलो. मग वहीत होतं तसं पिशवीचं बटन दाबलं. पिशवीतल्या वस्तूंची चित्रं येतात, वाचायची गरज नाही. कुऱ्हाड, औषधाच्या बाटल्या, भाकरीसारखं काहीतरी, आणि शेवटी जनावर बांधायचं एक दावं. गुंडाळून ठेवलेलं, करड्या रंगाचं.

दावं विकत नसतात हे शेतकऱ्याच्या पोराला सांगावं लागत नाही. जनावर द्यायचं, दावं घरी आणायचं. मी पण आणलं होतं. आमची एक म्हैस होती, हिनं वगारीपासून वाढवलेली. भाकड झाली, दोन वर्षं नुसती खात होती. ही बहिणीच्या पोरीच्या लग्नाला गेली तेव्हा मी ती काष्टीला नेऊन दिली. विचारलं नाही. विचारलं असतं तर नको म्हणाली असती, म्हणूनच विचारलं नाही. परत आली तेव्हा मी ओट्यावर होतो. तिनं गोठ्यात बघितलं, खुंट्याला अडकवलेलं दावं बघितलं, आणि दोन महिने माझ्याशी बोलली नाही. काही सांगायचं असलं तर पोरीला म्हणायची, "तुझ्या बापाला सांग, भाकर झाकून ठेवलीय." दोन महिन्यांनी बोलली, पण म्हशीचा विषय तिनं मरेपर्यंत काढला नाही. माफ केलं का, ते मला माहीत नाही.

शिडी चढून मी पोरीला फोन लावला. "अगं, खेचर गेलं. बेट उघडलं, पर खेचर कुठं हाय?"

ती हसली. "आबा, ते विकावंच लागतंय. नावेत जनावर घेत न्हाईत. ते दिल्याशिवाय नावाडी नेतच न्हाई. आईला सांगितलं हुतं की मी."

"कधी?"

"त्याच दिवाळीत."

मी शिडीवरच बसलो. खाली कुत्रं भुंकत होतं, त्याला हाकलायचंसुद्धा सुधरलं नाही. म्हणजे बिघाड कधी नव्हताच. तिला सगळं ठाऊक होतं.

"एवढं काय त्यात," पोर म्हणाली. "जुनं उघडता येतंय. खेळताना मधेमधे ठेवून देतात तसं. आईनं ठेवलं असेल, यादीत बघा. खेचर परत मिळंल."

मी आत येऊन यादी काढली. प्रत्येक ओळीपुढं एक लहान चित्र होतं, जिथं थांबली तिथलं. पहिलं चित्र धक्क्याचं. नावाडी, बाई, खेचर. दुसरं धक्क्याचं. तिसरंही. कुठं ऊन, कुठं पाऊस, कुठं कलती संध्याकाळ, पण जागा तीच. खाली खाली सरकवत गेलो. नऊ वेळा ती तिथवर आली होती. नावाड्यासमोर उभी राहिली होती, आणि माघारी गेली होती. मी पारावर पत्ते खेळत असताना ती इथं खुर्चीत बसून हे ठरवत होती, आणि मला म्हणाली, बिघाड हाय. मला काय सांगणार? ज्यानं म्हैस विकली त्यालाच विचारायचं, विकू का म्हणून?

नदीवरचा कावळा खरं बोलला होता. तिचं बेटावर काही राहिलं नव्हतं.

शेवटचं चित्र उघडलं. खेचर उभं होतं, वाकड्या कानाचं. गाजर घातलं. त्यानं खाल्लं आणि मान हलवली. मी नावाड्याला काही बोललो नाही. बाईला वळवलं आणि धडकत धडकत, ज्या वाटेनं आलो होतो त्याच वाटेनं वर नेलं. गावाबाहेर एक छपरी होती, तिथं हिनं खेचरासाठी पाण्याचं डोणं ठेवलं होतं. तिथं थांबलो.

वर्षश्राद्धाच्या आदल्या दिवशी पोर आली. पिशवी खाली ठेवायच्या आधी विचारलं, "मंग, बघितलं का बेट?"

"न्हाई उघडत," मी म्हणालो. "बिघाड हाय कायतरी."

ती माझ्याकडं बघत राहिली. "आबा, तुमी तर फोनवर म्हनला..."

"चुकून म्हनलो."

तिनं कॉम्प्युटरवरचं फडकं उचललं, परत टाकलं. "मंग नेऊ का हा? दुरुस्त करून आणते."

"राहू दे," मी म्हणालो. "तू हातपाय धू. भाकर झाकून ठेवलीय."