डॉल्फिनची वगळलेली दुपार

सतरा फेब्रुवारी, सकाळचे साडेदहा. मी एका चार्टचे रंग बदलत बसले होते. क्लायंटला रिपोर्टमध्ये त्यांच्या कंपनीचे रंग हवे होते. डॉल्फिनच्या विश्रांतीला फिका जांभळा, खाण्याला नारिंगी. मजकूर संपला होता, माझी सहीही होऊन चार दिवस झाले होते. फक्त रंग राहिले होते.

तेवढ्यात क्लायंटकडच्या वरुणचा फोन आला.

"मॅडम, एक व्हिडिओ भेजा है. देखिए ना."

त्यांची माणसं जाहिरातीचे फोटो काढायला किनाऱ्यावर गेली होती. व्हिडिओवर वेळ होती सकाळी आठ वाजून वीस मिनिटं. तीन डॉल्फिन पाण्यात गोल गोल पळत होते. एकाने मासा हवेत उडवला आणि दुसऱ्याने तो पकडला. तिसरा अर्धा पाण्याबाहेर आला आणि धाडकन आडवा पडला.

"मॅडम, आपके रिपोर्ट में लिखा है, आठ से दस रेस्टिंग," वरुण म्हणाला. "यह रेस्टिंग है?"

तो टोमणा नव्हता. त्याला खरंच जाणून घ्यायचं होतं. मी म्हटलं, बघून सांगते.

मी बेंगळुरूच्या राजाजीनगरातल्या एका छोट्या पर्यावरण सल्लागार कंपनीत डेटाचं काम करते. म्हणजे लोक जंगलात, नदीवर, समुद्रावर जाऊन जे लिहून आणतात ते मी एक्सेलमध्ये भरते, तपासते आणि त्याचे चार्ट करते. कंपनी सहा जणांची आहे. वरुणच्या कंपनीचं ऑफिस देवनहळ्ळीला. त्यांना कर्नाटकच्या किनाऱ्यावर, एका खाडीच्या मुखाशी, डॉल्फिन दाखवायच्या बोटी सुरू करायच्या होत्या. परवानगीसाठी एक अट होती: डॉल्फिनचा दिवस कसा जातो ते आधी अभ्यासा आणि त्यांच्या विश्रांतीची वेळ सोडून बोटी न्या.

याला आमच्याकडे ॲक्टिव्हिटी बजेट म्हणतात. पैशांचं नव्हे, वेळेचं. दिवसातला किती वेळ खाण्यात जातो, किती प्रवासात, किती खेळण्यात, किती विश्रांतीत. पद्धत सोपी आहे. एका जागी बसायचं, दर दहा मिनिटांनी कळप काय करतोय ते एका शब्दात लिहायचं; तो ठरलेला शब्द म्हणजे कोड. सोपी म्हणजे समजायला सोपी. उन्हात बसून करायला नाही.

ते बसणं केलं गुलाबी अक्कांनी. खाडीच्या मुखाशी एक काळा खडक आहे, त्याच्यामागेच त्यांचं घर. वय माझ्याएवढं, म्हणजे पन्नाशीच्या अलीकडे-पलीकडे. आधी मासे विकायच्या, आता गुडघ्यांमुळे फिरणं बंद. चौदा महिने, आठवड्यातून तीन दिवस, सूर्योदय ते सूर्यास्त त्यांनी दुर्बीण धरली. दर महिन्याला टपालाने कागदांचा गठ्ठा यायचा. अक्षर कन्नड, गोल आणि स्वच्छ.

मूळ फॉर्म इंग्रजीत होता. अक्कांना इंग्रजी येत नाही. तेव्हा मीच पुढाकार घेऊन फॉर्म कन्नडमध्ये केला. इंग्रजीत त्या रकान्याचं नाव होतं "स्टेट". मी केलं "स्थिती". आणि फोनवर सांगितलं, "अक्का, तुमच्या शब्दात लिहा. कोड मी इथे बसून घालते." मी बेळगावची. घरात मराठी, शाळेत मराठी, बाजारात कन्नड. हे काम माझ्याइतकं चांगलं ऑफिसात कुणी करणार नाही, असं मला वाटत होतं.

आता चार्ट असा होता: सकाळी आठ ते दहा विश्रांती, अकरा ते दोन सर्वांत जास्त हालचाल. त्यावरून शिफारस केली होती की बोटी दुपारी न्याव्यात. वरुणच्या कंपनीने लगेच "डॉल्फिन लंच क्रूझ" छापून टाकली होती. एक मार्चपासून, रोज बारा वाजता, चार बोटी, केळीच्या पानावर जेवण.

मी व्हिडिओ आमच्या मंजुनाथ सरांना दाखवला. कंपनी त्यांची. मूळचे म्हैसूरचे, नावाला कन्नडमधलं आदराचं 'अवरे' जोडून बोलतात.

"छान आहे," सर म्हणाले.

"सर, आपण लिहिलंय की या वेळेला ते झोपतात."

"सुनीतावरे, हा एक व्हिडिओ आहे. आपण चौदा महिन्यांची सरासरी काढली. एखाद्या दिवशी उठले असतील लवकर. एक वाक्य घाला, अपवाद असू शकतो म्हणून. स्वल्प ॲडजस्ट करा."

मी वाक्य घातलं नाही. अक्कांना फोन लावला.

"आराम, मॅडम?" अक्कांनी विचारलं.

"आराम, आराम. तुम्ही आराम?"

"गुडघे सोडून सगळं आराम."

मी सप्टेंबरचा कागद समोर घेतला. "अक्का, इथे आठ वाजल्यापासून दहापर्यंत ओळीने तुम्ही 'आराम' लिहिलंय. ते झोपलेत हे तुम्ही कशावरून ओळखता?"

"कोण झोपलंय?"

"डॉल्फिन."

"आठ वाजता? झोपतील कसे? तेव्हाच तर बोय मासा आत येतो. नुसती धुमाळी असते. पाणी उकळल्यासारखं."

"मग तुम्ही आराम का लिहिलं?"

"तुम्ही स्थिती विचारली ना? खायला भरपूर, पिल्लं ठणठणीत, कुणाचा त्रास नाही. आराम आहेत. आणखी काय लिहू?"

उत्तर कर्नाटकात आणि तिकडच्या किनाऱ्यावर माणूस भेटला की "आराम?" असंच विचारतात. बरं आहे ना, एवढाच त्याचा अर्थ. मी स्वतः दिवसातून दहा वेळा तसं म्हणते, आत्ताच म्हणाले होते. पण कागदावर तो शब्द दिसला की मी मराठी वाचत होते. आराम म्हणजे विश्रांती. आणि मराठीत तरी कुठे एकच अर्थ आहे? आपल्याकडेही आजाऱ्याला आराम पडतो. चौदा महिने मला ते सुचलं नव्हतं.

मग मला दुसरा शब्द आठवला.

"अक्का, दुपारी तुम्ही पुष्कळदा 'सुम्ने' लिहिता. ते काय?"

"सुम्ने म्हणजे सुम्ने. गप्प. काही करत नाहीत."

बेंगळुरूत सुम्ने हा शब्द रिक्षावाल्यापासून मॅनेजरपर्यंत सगळे वापरतात. उगाच, सहज, काही कारण नाही, असा. मी तो तसाच घेतला होता. नोंद करण्यासारखं काही नाही, पान भरायचं म्हणून लिहिलंय. त्या सगळ्या ओळी मी "निरीक्षण नाही" म्हणून वगळल्या होत्या. अकरा ते दोनमधल्या निम्म्याहून जास्त. उरल्या त्या खाण्याच्या आणि पळण्याच्या. साहजिकच चार्ट म्हणाला, डॉल्फिन दुपारी सर्वांत जास्त हलतात.

"मला वाटलं त्या वेळी तुम्ही जेवायला गेलात," मी म्हटलं. सांगून टाकलेलं बरं.

"मी जेवायला गेले असते तर पान कुणी भरलं असतं? माझ्या नवऱ्याने? त्याला डॉल्फिन आणि ओंडका यातला फरक कळत नाही."

म्हणजे विश्रांतीची नेमकी वेळ मी खोडली होती आणि तिथे चार बोटी, त्याही केळीच्या पानांसकट, पाठवल्या होत्या. खाली माझी सही.

सरांना सांगितलं. त्यांनी चष्मा काढला, पुसला, परत घातला.

"पुरवणी जोडू. मूळ रिपोर्ट राहू दे."

"पुरवणी कोण वाचतं, सर? रिपोर्ट मागे घ्यावा लागेल."

"अकरा दिवस राहिलेत. क्लायंट ओरडेल."

"ओरडेल."

"तुम्ही ते डॉल्फिन स्वतः पाहिलेत का कधी?"

पाहिले नव्हते. चौदा महिने त्यांचा दिवस टाइप केला होता, तेवढंच.

"मग आधी बघून या," सर म्हणाले. "मग भांडू."

गुरुवारी पहाटे मी खडकावर होते. अक्कांनी माझ्यासाठी एक उशी आणली होती आणि स्वतःसाठी आणली नव्हती.

"डॉल्फिन शोधू नका," त्या म्हणाल्या. "पाणी बघा. पाण्यात काही चुकीचं दिसलं की तिथे डॉल्फिन."

मला पहिला तासभर सगळंच बरोबर दिसत होतं. पावणेआठला ओहोटीच्या रेषेवर पाणी फाटलं आणि धुमाळी सुरू झाली. नऊ डॉल्फिन, त्यांत दोन पिल्लं. शेपट्या, उड्या, मासे हवेत. मी कोडमध्ये "खाणं" लिहिलं. अक्कांनी माझ्या कागदाकडे पाहिलं आणि पुन्हा दुर्बीण डोळ्यांना लावली.

साडेदहापासून ते मंदावले. सव्वाअकराला सगळे खाडीच्या दक्षिण बाजूला, खडकाच्या आडोशाला आले. एकमेकांना जवळजवळ चिकटून. एक पाठ वर येई, श्वासाचा फस्स आवाज, पाठ खाली. मग दुसरी. उडी नाही, शेपटी नाही. डॉल्फिनला श्वासासाठी वर यावंच लागतं, म्हणून तो आपल्यासारखा गाढ झोपत नाही. मेंदूचा एक भाग झोपतो, दुसरा जागा राहतो. हे मी रिपोर्टच्या पान चारवर लिहिलं होतं. दिसतं कसं ते माहीत नव्हतं.

"सुम्ने," अक्का म्हणाल्या.

साडेबाराला मासेमारीची एक बोट इंजिन चालू ठेवून मधून गेली. मुद्दाम नाही, तिचा रस्ताच तो होता. कळप फुटला. पिल्लं आयांना चिकटली आणि सगळे बाहेर खोल पाण्यात गेले. परत त्याच जागी येऊन तशाच संथ लयीत यायला त्यांना पन्नास मिनिटं लागली. मी घड्याळ लावून बसले होते. ती एक बोट होती. आमच्या शिफारशीप्रमाणे रोज चार आल्या असत्या.

मी फोन खडकाला टेकवून त्या संथ पाठींचा व्हिडिओ घेतला. शुक्रवारी रात्री घरी, शनिवार-रविवार नवा चार्ट. वगळलेल्या सगळ्या ओळी विश्रांती म्हणून परत आत घेतल्या, 'आराम'च्या ओळी विश्रांतीतून काढल्या. सोमवारी सरांना दोन्ही चार्ट दाखवले; भांडण झालं नाही, आम्ही दोघं देवनहळ्ळीला गेलो.

वरुणने ऐकून घेतलं. मग म्हणाला, "मॅडम, लंच क्रूझची जाहिरात रेडिओवर चालू आहे."

"बंद करा."

"एका शब्दामुळे?"

"दोन शब्दांमुळे."

सर म्हणाले, "चूक आमची आहे. नवा रिपोर्ट आमच्या खर्चाने." हे त्यांनी गाडीत ठरवलं असावं. मला सांगितलं नव्हतं.

वरुण अडला होता. झोपेचं महत्त्व मी समजावलं, पिल्लांचं समजावलं, परवानगीची अट वाचून दाखवली. तो मान हलवत होता, पण नजर जाहिरातीच्या पोस्टरवर. शेवटी मी दुपारचा व्हिडिओ लावला. त्याने दोन मिनिटं पाहिला.

"मॅडम, इसमें तो कुछ हो ही नहीं रहा."

"नाही ना. बारा वाजता तुमचे पाहुणे रोज हेच बघणार होते. जेवता जेवता."

त्याने आणखी अर्धा मिनिट वाट पाहिली. एक पाठ वर आली, खाली गेली.

"सुबह कितने बजे बोला आपने?" त्याने विचारलं.

नवी शिफारस अशी गेली: दोनच बोटी, साडेआठ ते दहा, माशांच्या थव्यात घुसायचं नाही, लांबूनच इंजिन बंद करून थांबायचं. अकरा ते तीन त्या भागात बोट नाही. वरुणने लंच क्रूझची ब्रेकफास्ट क्रूझ केली. जुना रिपोर्ट परत आला, त्यावर मी "रद्द" असा शिक्का मारला आणि खाली पुन्हा सही केली. नव्या फॉर्मवर "स्थिती" नाही. चार चित्रं आहेत, अक्कांनी सांगितली तशी काढलेली, आणि शेजारी खूण करायची.

यातून मी शिकले ते एवढंच. जी भाषा अजिबात येत नाही तिच्यासाठी आपण दुभाषा बोलावतो. जी येते तिच्यासाठी कुणालाच विचारत नाही. आणि चूक पटवून देताना खरं कारण चालेलच असं नाही, दुसरंही जवळ ठेवावं.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी आठला ऑफिसात गेले. कपाटातून गेल्या वर्षीचा नदीवरच्या पाणमांजरांचा गठ्ठा काढला. तोही कन्नडमध्ये होता, कोड मीच घातले होते आणि तो रिपोर्ट केव्हाच मंजूर झाला होता. पहिल्याच पानावर तीन ठिकाणी "जोर" लिहिलं होतं. जोर कशाचा, पाण्याचा, आवाजाचा की तब्येतीचा, ते मी तेव्हा विचारलं नव्हतं. मी निरीक्षकाचा नंबर शोधला आणि फोन लावला.