गॅसच्या गोडाऊनातली आढी

"आज नाय तर परवा," असं म्हणत काकी कमरेच्या किल्ल्या चाचपायच्या. मधला दिवस त्या धरायच्याच नाहीत. "उद्या कंपनीचा, वकीलसाहेब. तो त्यांनी वापरून वापरून झिजवलानी."

माझ्या अशिलांत एवढी खमकी बाई दुसरी नव्हती. रत्नागिरीपासून आत, डोंगराकडच्या गावात त्या आणि सून राहायच्या. मुलगा मुंबईत नोकरीला. गॅस एजन्सीच्या सोडतीत काकींचं नाव निघालं. कंपनीने सांगितलं तसं त्यांनी कातळ फोडून गोडाऊन बांधलं, रस्ता काढला आणि फाटकावर पाटीसुद्धा लावली: 'सिलिंडर आजच'. तपासणीत सगळं पास झालं. नेमणुकीचं पत्र मात्र येईना. विचारायला गेलं की एकच उत्तर, "उद्या कळवतो." वर्षं गेली हो! गावातली माणसं त्या पाटीसमोरून रिकामे सिलिंडर रिक्षात घालून शहरात न्यायची. काकींना ते बघवायचं नाही.

शेवटी आम्ही हायकोर्टात गेलो. मी बजावलं, "काकी, गोडाऊन लख्ख ठेवा. कंपनीचा माणूस कधीही येईल."

"रोज झाडत्ये मी. येऊंदे मेल्याला!"

तो आला, पण नेमका मे महिन्यात. घराची कौलं चाळायला उतरवलेली, एरवी आंबे पिकवायचा माळा उघडा पडलेला, आणि काकी लग्नाला परगावी. सुनेने बिचारीने काय केलं? आपल्याकडची कुठलीही बाई करील तेच. कोरडी, झाडलेली जागा बघितली, गोडाऊनात पेंढा पसरला आणि पिकायला आंब्यांची आढी घातली. गॅसच्या गोडाऊनात सुकं गवत! साहेबाने दारातूनच फोटो काढले.

सून रडून रडून अर्धी झाली. मीही डोक्याला हात लावून म्हटलं, केस गेली. काकींनी सुनेला जवळ घेतलं आणि माझ्याकडे वळल्या. "माझ्या सुनेला कोणी काय बोलायचा नाय. तुम्हीसुद्धा."

कोर्टात कंपनीच्या वकिलांनी ते फोटो असे फडकवले, जसा काही बॉम्बच सापडला होता. न्यायमूर्तींनी विचारलं, "अर्जदार आल्या आहेत का?" काकी उठल्या. मी डोळ्यांनी गप्प राहायची खूण करत होतो, पण कसचं काय!

"साहेब, आढी आमचीच. पण तिथे एक तरी सिलिंडर होता काय, त्यांना विचारा. त्यांची गाडी घाटी चढायच्या आत मी पेंढा काढत्ये. स्वतः गॅस द्यायचा नाय, आणि आम्हाला आंबेपण पिकवू द्यायचे नायत?"

न्यायमूर्ती हसले. मग त्यांनी कंपनीच्या वकिलांना विचारलं, पेंढा तर आत्ताचा. त्याआधी नेमणूक कशासाठी अडली होती? वकिलांनी फोटो खाली ठेवले. ठरल्या मुदतीत नेमणूक द्या, असा हुकूम झाला.

बाहेर आल्यावर मीच आधी ओरडलो. "काकी, जिंकलात!"

"मग आंबे न्यायला या. आजच. उद्यापर्यंत ते रवायचे नायत."

एजन्सी चालू झाली. सून टेम्पो चालवायला शिकली. काकी शेजारच्या सीटवर राणीसारख्या बसायच्या आणि वाडीवाडीत थांबून चहा नाकारायच्या. "वेळ नाय गो, पुढच्या घरात गॅसवाचून चूल पेटेल!"

गेल्या पावसाळ्यात काकी गेल्या. बातमी कळताच मी सुनेला भेटायला निघालो. घराला कुलूप. मला वाटलं, माहेरी गेली असेल.

शेजारीण म्हणाली, "वरच्या वाडीत सिलिंडर द्यायला गेल्ये. मी म्हटला, सुतक हाय, उद्या दे. ऐकत्ये कसली!"

मी फाटकापाशी थांबलो. पाटीची अक्षरं नव्याने रंगवलेली दिसली. थोड्या वेळाने टेम्पो चढावावरून उतरत आला. सून चालवत होती, डोळे सुजलेले, कमरेला काकींच्या किल्ल्या.

मागे रिकामे सिलिंडर खच्चून भरलेले, पण शेजारच्या सीटवर तिने एकही ठेवला नव्हता.