अण्णानं सही केलेला कागद

त्या कागदाचा फोटो अजून माझ्या फोनात आहे. काढून टाकायचा धीर होत नाही.

रविवार होता. बेळगावजवळच्या एका गावात साहित्य संमेलन होतं आणि मी मंडपामागं उभा राहून माझं भाषण डोळ्यांखालून घालत होतो. विषय, सीमाभागातल्या मराठीचं भवितव्य. एवढ्यात निपाणीकडनं थोरल्या भावाचा, अण्णाचा, फोन आला. गोठ्यात कोबा करायला ओढ्यातली ट्रॉलीभर वाळू घेऊन निघालता, वाटेत पोलिसांनी ट्रॅक्टर धरला. परमिट नव्हतं. ओढा गावचा, मग वाळू कुणाची, असं आमच्यात सगळेच म्हणतात. परमिट काढायचं कुणाच्या डोक्यातही येत नाही. चूक होती, ती होतीच.

"समदं कन्नडात लिवलंय रं," अण्णा म्हणाला. "सही माडी, सही माडी म्हणून मागं लागल्यात. मला एक अक्षर कळंना. फोटो धाडू काय? तेवढं वाचून सांग."

अण्णा गावच्या मराठी शाळेत सातवीपर्यंत शिकलेला. कन्नड फाडफाड बोलतो, पण वाचता येत नाही. मी बेळगावात सरकारी कचेरीत कारकून. दिवसभर कन्नडच लिहितो. पण तिकडं स्टेजवर माझं नाव पुकारलं होतं. म्हटलं, "किरकोळ कागद असतोय ते, अण्णा. सही कर आन् मोकळा हो."

"बरं," म्हणाला. तरी फोटो पाठवलाच त्यानं. इकडं मी मातृभाषेवर टाळ्या घेत होतो. लई टाळ्या पडल्या. फोटो उघडला तो दुसऱ्या दिवशी सकाळी, चहा पिताना.

वाळू विकायला नेत होतो आणि याआधीही नेली आहे, असं त्यात लिहिलं होतं. खाली अण्णाची सही, मराठीत, वळणदार. माझी अक्कल त्या दिवशी पेंड खायला गेलती, दुसरं काय!

ट्रॅक्टर सोडवायला कोर्टात अर्ज केला. वकिलांनी तो कागद वाचला आणि चष्मा काढला. "अहो, तुमच्या भावानं तर कबूलच केलंय."

"त्याला कन्नड वाचता येत नाही," मी म्हणालो.

"मग कुणाकडनं तरी वाचून घ्यायचं होतं."

अण्णा शेजारीच उभा होता. 'यालाच विचारलं होतं' असं एका शब्दानं बोलला असता तरी मला बरं वाटलं असतं. तो भिंतीवरच्या कॅलेंडराकडं बघत राहिला.

मग तारखेवर तारीख. ऊसतोड ऐन भरात आलेली, अण्णाचा ट्रॅक्टर कारखान्याला लावलेला, आणि तो पडलाय पोलीस स्टेशनच्या आवारात. त्याच्या भरवशावरची तोडणीची टोळी चार दिवस थांबली आणि दुसऱ्याच्या ट्रॅक्टरबरोबर गेली. प्रत्येक तारखेला अण्णा आधी स्टेशनजवळ उतरायचा, कुंपणाबाहेरनं ट्रॅक्टर बघायचा. "टायरं बसल्यात," एवढंच म्हणायचा. एकदा मात्र वैनी फाडकन बोलल्या, "भावजी, लोकास्नी मराठी शिकवत फिरतायसा, आन् घरच्या माणसाचा एक कागद वाचवंना व्हय?" मी ताटात बघत जेवलो.

शेवटी ट्रॅक्टर सुटला. विकायचा नाही, रंग बदलायचा नाही, बोलावलं की हजर करायचा, अशा अटींवर. त्या दिवशी अटींची एकेक ओळ मी बोट ठेवून अण्णाला मराठीत सांगितली. तो प्रत्येक ओळीला "हं" म्हणाला आणि मग सही केली. बॅटरी उतरलेली; चौघांनी ढकलून ट्रॅक्टर चालू केला. तोवर हंगाम संपला होता.

घरी येताना अण्णा म्हणाला, "जूनमधी बारकीला कन्नड शाळंत घालतोय. मास्तरास्नी बोलून आलोय."

बारकी म्हणजे त्याची धाकटी मुलगी, गावच्या मराठी शाळेत तिसरीला. मी म्हणालो, "आपली शाळा हाय की गावात."

"हाय की. पर वाचून सांगणारं एक माणूस घरात पायजे, बाबा. तुला तुझी कामं असत्यात."

टोमणा नव्हता त्यात, शपथ. मनापासनंच म्हणाला तो. माझी दोन्ही पोरं बेळगावात इंग्रजी शाळेत जातात, मी कुठल्या तोंडानं अडवणार? गावच्या मराठी शाळेत आधीच पोरं कमी. त्यातलं एक मी घालवलं.