सतरंजीवरची जागा

माझी मैत्रीण पुण्याहून येणार म्हणून मी घरातले सगळे पडदे धुवायला काढले, आणि पडदे पिळताना लक्षात आलं की मी ते जरा जास्तच जोरात पिळते आहे.

आम्ही दोघी एम.ए.ला एकाच वर्गात होतो आणि वसतिगृहात एकाच खोलीत. विषय राज्यशास्त्र. मला तिच्यापेक्षा जास्त गुण पडायचे. हे तीही कबूल करते, आणि हसत हसत कबूल करते, तेच मला सहन होत नाही. पुढं ती पुण्यातल्या मोठ्या संस्थेत गेली. मी लग्न होऊन मेहकरला आले आणि इथल्या महाविद्यालयात शिकवू लागले. ती सरकारी अंदाजपत्रकांवर लिहिते, म्हणजे लोकांचा पैसा कशावर खर्च व्हायचा हे नेमकं कोण ठरवतं आणि त्या ठरवण्यामागं लोकांच्या कुठल्या सवयी असतात. मीही तेच लिहिते. फरक इतकाच, की तिचं छापून येतं. तिचं पुस्तक आमच्या ग्रंथालयात आहे. ते मागवण्याच्या कागदावर विभागप्रमुख म्हणून सही मलाच करावी लागली होती.

फोनवर ती म्हणाली, "अगं, तू ज्या गावाच्या ग्रामसभांना जातेस ना, ते मला दाखव. नवीन पुस्तकासाठी हवंय."

ज्या गावाच्या. म्हणजे माझ्या गावाच्या. मी म्हटलं, "ये ना."

ते गाव मेहकरहून एसटीनं जाण्याच्या अंतरावर आहे. नाव सांगत नाही, मला तिथं अजून जायचंय. ग्रामसभा ग्रामपंचायतीसमोरच्या पटांगणात भरते. टेबलामागं सरपंच आणि ग्रामसेवक, समोर खुर्च्यांवर पुरुष आणि कडेला भिंतीच्या सावलीत एक सतरंजी, तिच्यावर बायका. मी पहिल्यांदा गेले तेव्हा खुर्च्या कमी पडल्या म्हणून सतरंजीवर टेकले. पुढं कुणी खुर्ची दिली तरी घेतली नाही, कारण ऐकण्यासारखं जे काही होतं ते सगळं सतरंजीवर चाललेलं असायचं.

गावातल्या सुना सभेत तोंड उघडत नाहीत. समोर सासरे आणि भासरे, म्हणजे थोरले दीर, बसलेले असतात, आणि त्यांच्यापुढं उभं राहून हिशोब मागायचा म्हणजे रात्री घरात महाभारत. म्हणून त्या कुजबुजतात. माझ्या शेजारी एक काकू बसायची. तिचा वांगी-मिरचीचा मळा, माल ती स्वतः मेहकरच्या बाजारात विकते, तिथं ती कुणाच्या बापाचं ऐकत नाही. सभेत मात्र ती पदर पुढं ओढून मला कोपरानं ढोसायची.

"पोरी, विचार न. अंगणवाडीचं छत गळून राह्यलं. लेकरं भिजत भिजत खिचडी खातेत, अन् हे गावाच्या तोंडाशी कमान बांधून राह्यले!"

मग मी उठून विचारायची. मी गावातल्या कुणाची सून नाही, त्यामुळं माझ्यावर कुणाला डोळे वटारता येत नव्हते. प्रश्न कुठून आला हे सगळ्यांना ठाऊक असायचं, पण बोट कुणाकडं दाखवणार? नदीच्या रस्त्यावरचे दिवे असेच आले. छतावरून मात्र दरवर्षी भांडण व्हायचं आणि दरवर्षी ते पुढच्या आराखड्यावर ढकललं जायचं.

आणखी एक गोष्ट मला याच गावात कळली. ज्याला प्रश्न विचारू द्यायचा नाही, त्याचा इथं आधी सत्कार होतो. हिशोब तपासायला साहेब आले, शाल-श्रीफळ. रस्त्याची जाडी मोजायला इंजिनिअर आला, शाल-श्रीफळ. दोन्ही हातांत नारळ धरलेला माणूस टेप कशानं धरणार? शाल पडली की माणूस पाहुणा होतो, आणि पाहुण्यानं दुसऱ्याच्या चुलीपर्यंत जायचं नसतं. हे माझ्या सगळ्या अभ्यासातलं सर्वात मोलाचं निरीक्षण आहे असं मी मानते. त्यावर एक लेख लिहून पाठवला होता. तो 'पुरेसा सैद्धांतिक नाही' म्हणून परत आला. मैत्रिणीचा लेख कधी परत आल्याचं मी तरी ऐकलेलं नाही.

ती आली. फिक्या रंगाची सुती साडी, कापलेले केस. तिचे पांढरे केस विद्वत्तेचे दिसतात, माझे मेंदी लावायची राहिल्याचे. घर बघून म्हणाली, "किती निवांत राहतेस गं तू." पडद्यांकडं तिचं लक्षही गेलं नाही.

दुसऱ्या दिवशी गावात गेलो. खास तिच्यासाठी माणसं जमवली होती. टेबलामागं एक खुर्ची मांडून तिच्यावर नवा टॉवेल टाकलेला. सरपंचांनी भाषण केलं, "एवढ्या मोठ्या मॅडम आपल्या गावात आल्या, हे आपलं नशीब." मग शाल आली. जाड, लालसर, चांगली चार बोटं रुंद किनारीची. सरपंचांनी आपला मोबाईल माझ्या हातात दिला.

"ताई, जरा फोटो काढा न."

मी काढला. चांगला आला, हीसुद्धा एक चीडच.

शाल पांघरून मैत्रिणीनं विचारलं, "निधी कशावर खर्च करायचा, हे तुम्ही कसं ठरवता?"

"सगळे मिळून ठरवतो मॅडम. आमच्या गावात वादच नाही."

सतरंजीवरच्या बायकांनी माना डोलावल्या. काकूनं माझ्याकडं बघून पदराआड हसू दाबलं. मैत्रीण भराभर लिहीत होती. तिला तेव्हाच कानात सांगायला हवं होतं की बाई, आधी ती शाल काढ, इकडं सतरंजीवर ये आणि मग विचार. मी सांगितलं नाही. का सांगू? तिच्याकडं पुणं होतं, पुस्तकं होती आणि आता शालही होती. एवढं एक माझ्याकडं राहू दे, असं मला वाटलं.

परत येताना ती म्हणाली, "काय एकोपा आहे गं या गावात! सहमतीची संस्कृती म्हणता येईल याला."

"म्हणता येईल की," मी म्हटलं आणि खिडकीबाहेर बघत मनातल्या मनात पेढे वाटले.

पण घरी आल्यावर तिनं शाल घडी करून माझ्यापुढं धरली. "तू ठेवतेस? माझ्याकडं या शालींनी कपाट भरलंय."

"नको," मी म्हटलं. "मला उकडतं."

ती गेली. मी काही कागद बघायला पुन्हा गावात गेले तेव्हा सरपंचांनी विचारलं, "काय ताई, मैत्रीण खूश?"

गंमत म्हणून बोलायला गेले आणि आतलं बाहेर आलं. "खूश नाही तर काय! इतकी वर्षं झाली मी येऊन राह्यली इथं, मले कोणी सुताचा धागा नाही देला. अन् ते एका दिवसात शाल घेऊन गेली. पिकते तिथं विकत नाही, हेच खरं."

मला वाटलं ते हसतील. ते हसले नाहीत. "चुकलंच आमचं ताई," एवढंच म्हणाले आणि ग्रामसेवकाकडं बघितलं. ग्रामसेवकानं मान हलवली. मला तेव्हाच समजायला हवं होतं, पण आपलं दुःख कुणीतरी ऐकून घेतलं याचंच मला बरं वाटत होतं.

पुढची ग्रामसभा वर्षाचा आराखडा मंजूर करण्याची होती. त्यात छत आलं नाही तर आणखी एक पावसाळा लेकरांच्या डोक्यावर. सभेच्या आधी काकू मला मेहकरच्या बाजारात भेटली. माझ्या पिशवीत वांगी टाकता टाकता म्हणाली, "या खेपेले सोडायचं नाही पोरी. माह्या नातीच्या पाठीवर धार पडते धार. तू उभी राहजो, आमी साऱ्या तुह्या मांगं आहो." कमानीचा विषय निघाला की मी उठायचं, आणि उत्तर मिळेपर्यंत खाली बसायचं नाही, असं आमचं ठरलं.

सभेच्या दिवशी मी सतरंजीकडं वळले. काकूनं सरकून जागा केलेली दिसत होती. तेवढ्यात माईकवरून माझं नाव आलं. टेबलामागं खुर्ची, खुर्चीवर टॉवेल.

मी गेले. कुणी ओढत नेलं नाही, आनंदानं गेले. माझ्या खांद्यावर शाल पडली, हातात नारळ आला, टाळ्या झाल्या. आणि माझ्या डोक्यात पहिला विचार काय आला असेल? हिची किनार तिच्या शालीपेक्षा बारीक आहे. दुसरा विचार, हा फोटो तिला पाठवायचा. लोकां सांगे ब्रह्मज्ञान म्हणतात, त्यातली गत.

ग्रामसेवक आराखडा वाचू लागला. अंगणवाडी कुठंच नव्हती. मग 'स्वागत कमानीचं सुशोभीकरण' आलं. मी सतरंजीकडं बघितलं. सगळ्या बायका माझ्याकडं बघत होत्या. मी उठले. नारळ कुठं ठेवावा कळेना म्हणून तो हातात धरूनच विचारलं, "अंगणवाडीचं छत दरवर्षी पुढं ढकललं जातं आणि कमानीला मात्र पैसे मिळतात. हे कुणी ठरवलं?"

सतरंजीवरून विचारलं असतं तर सरपंच चिडले असते, पुरुषांत गलका झाला असता आणि त्या गलक्यात काहीतरी कबूल करून घेता आलं असतं. या वेळी सरपंच हात जोडून उभे राहिले.

"मॅडमनी फार मोलाची सूचना केली. टाळ्या झाल्या पाहिजे."

इतकी वर्षं मी त्यांची ताई होते. टाळ्या झाल्या. सतरंजीवरही झाल्या.

"सूचना नाही, प्रश्न आहे," मी म्हणाले.

"हाव हाव, मॅडम. नोंद घेतली. बसा, चहा येऊन राह्यला."

चहा आला, पहिला मला, कपबशीतून. मी शालीनं घाम पुसत तो प्यायले. तोवर पुढचे विषय वाचून झाले, हात वर झाले आणि आराखडा मंजूर झाला. काकूचा हातही वर होता. तिच्या पुढच्याच रांगेत तिचा भासरा बसला होता.

सभा संपत आली तशी मी शाल काढून नारळासकट टेबलावर ठेवली आणि सतरंजीकडं गेले. माझी जागा तशीच मोकळी होती. मी खाली वाकले, तर काकू पदर सावरत घाईनं उठली.

"मॅडम, खाली काऊन बसता? साडी खराब होईन न."

टोमणा म्हणून बोलली असती तर मी तिच्याशी भांडले असते. ती अगदी मनापासून बोलत होती. तिनं जाऊन पुरुषांच्या रांगेतली एक खुर्ची उचलून आणली, पदरानं पुसली आणि सतरंजीच्या कडेबाहेर मांडली. मी बसले. बायका एकमेकींकडं वाकून काहीतरी कुजबुजत होत्या, आणि खुर्चीवरून मला त्यातलं एक अक्षर ऐकू येत नव्हतं.