वेरूळच्या चढावर उठलेला काटा

आधीच सांगतो, मी पुरावा मागणारा माणूस आहे. घरात कुणी 'अमकीच्या अंगात आलं' म्हणून सुरुवात केली की मी पेपर उघडून बसतो. त्यात माझं पोटच काट्यांवर चालतं. वाळूजच्या एका कारखान्यात मी इन्स्ट्रुमेंट विभागात आहे. भट्टीचं, बॉयलरचं तापमान दाखवणारे मीटर बरोबर चालतात की नाही हे तपासायचं, एवढंच बावीस वर्षं करत आलोय. वायर तुटली की मीटर काय दाखवतो, ओल शिरली की काय दाखवतो, हे मला झोपेतून उठवून विचारलं तरी सांगता येईल. म्हणूनच ही हकीकत मी आजवर फार कुणाला सांगितली नाही. आज सांगतोय, कारण मनातून जात नाही... आणि उपकार असे मनात ठेवून बसणं बरं वाटत नाही.

ही करोनाच्या आधीची गोष्ट. शहराचं नाव तेव्हा औरंगाबाद होतं. माझ्याकडं एक जुनी, सेकंडहँड घेतलेली डिझेल गाडी होती. डॅशबोर्डच्या उजव्या कोपऱ्यात इंजिनच्या कूलंटचं, म्हणजे ते थंड ठेवणाऱ्या पाण्याचं, तापमान दाखवणारा छोटा काटा — खाली थंडचा C, वर गरमचा H, आणि H जवळ लाल पट्टी. हा काटा दोन वर्षांपासून मेलेला होता. बॉनेटमध्ये उंदरांनी त्याची वायर कुरतडली होती. मोंढा नाक्यावरचे आमचे मेकॅनिक बब्बूभाई यांनी तुटक्या टोकाला टेप मारली, बाजूला बांधून ठेवलं आणि पुढच्या सर्व्हिसिंगला नवीन टाकू म्हणाले. ते पुढचं सर्व्हिसिंग काही आलं नाही. दुसऱ्यांचे मीटर तपासणाऱ्याचा स्वतःचाच मीटर बंद, यावरून माझी बायको सुनंदा मला बरंच ऐकवायची. त्याबदल्यात मी दर रविवारी कूलंटची बाटली बघायचो, रेडिएटरचा फॅन लागतो का ते ऐकायचो. तरीपण चालवताना दर दोन मिनिटांनी नजर त्या काट्याकडं जायचीच. धंद्याची खोड.

मे महिना होता. सुनंदाच्या आईला, म्हणजे माझ्या सासूबाईंना, मोतीबिंदूसाठी औरंगपुऱ्यात डॉक्टरांना दाखवायचं होतं. मी त्यांना मामी म्हणतो. त्या कन्नडच्या पलीकडं एका खेड्यात एकट्याच राहायच्या. सुनंदाला शाळेच्या निकालाचं काम होतं, म्हणून आणायला मी एकटाच गेलो. सकाळी लवकर निघायचं ठरलं होतं, पण मामींनी लेकीसाठी कुरडया केल्या होत्या. त्या बांधून, शेजारणीकडं किल्ली देऊन निघेस्तोवर साडेबारा वाजले. ऊन डोक्यावर. गाडीच्या एसीतला गॅस मागच्याच महिन्यात गेलेला.

मामी जुन्या वळणाच्या. आमच्या लग्नाला तेव्हा पंधरा वर्षं झाली होती, पण माझ्यासमोर डोक्यावरचा पदर कधी ढळला नाही. बोलणं म्हणजे 'व्हय' आणि 'नाय'. पुढं बसा म्हटलं तर, "नगं, मागंच बरं हाय." मागच्या सीटवर कुरडयांचा डबा मांडीवर घेऊन त्या बसल्या. गरम झळा येतात म्हणून काच वर केली, पदर तोंडावर ओढला. कन्नड सुटल्यावर मी एकदा विचारलं, "मामी, पाणी देऊ का?"

"नाय. तुमी चला."

नंतर त्या काही बोलल्या नाहीत. मला त्यात वावगं काही वाटलं नाही. आमचं सगळं बोलणं तेवढंच असायचं.

वेरूळ मागं टाकलं आणि खुलताबादचा चढ लागला. पुढं एक मालट्रक होता, मी दुसऱ्या गिअरवर. सवयीनं नजर डॅशबोर्डकडं गेली आणि काटा C वर नव्हता.

आधी वाटलं, उन्हाची तिरीप पडलीय. मान वाकडी करून बघितलं. काटा पाव अंतर वर आलेला. एक वळण गेलं, काटा अर्ध्यावर. दोन वर्षं न हललेला काटा एकदम उडत नव्हता, थरथरत नव्हता. शांतपणे, एकेक रेघ वर चढत होता. खरंच गाडी तापली की जसा चढतो, अगदी तसा. मला कळेना. वायरच नाही तर हा हलतो कसा? पण चढ, उन्हाचा कडाका, मागं म्हातारं माणूस... अशा वेळी चिकित्सा करत बसत नाही कुणी. काटा लाल पट्टीला टेकला तेव्हा मी चढ संपवून खुलताबादच्या अलीकडं पोचलो होतो. चिंचेच्या झाडाखाली एक रसवंती दिसली. तिथं गाडी घेतली, इंजिन बंद केलं. किल्ली मात्र ऑनला ठेवली, फॅन लागला तर लागू दे म्हणून.

बॉनेट उघडलं. वाफ नाही, वास नाही. बाटलीत कूलंट बरोबर रेघेपर्यंत. माझ्या बॅगेत कारखान्याची, नुसती रोखून तापमान मोजणारी टेंपरेचर गन होती. ती रेडिएटरच्या नळीवर धरली, इंजिनच्या हेडवर धरली. सत्त्याऐंशी, अठ्ठ्याऐंशी अंश. म्हणजे तब्येतीनं ठणठणीत इंजिन. आत येऊन बघतो तर काटा लाल पट्टीत.

मी स्वतःशीच हसलो. थांबलोच आहोत तर रस घेऊ, म्हणून मागचं दार उघडलं. "मामी, उतरता का? थंड रस घ्या जरा."

उत्तर नाही. पदर तोंडावर तसाच. वाटलं, डोळा लागला असेल. दुसऱ्यांदा हाक मारली, तिसऱ्यांदा जरा मोठ्यानं. मग मांडीवरचा डबा घसरला, दाराला आपटून खाली पडला, आणि त्यांचा हात तो धरायला हलला नाही.

लिहायला लाज वाटते, पण मी तिथं काही क्षण नुसता उभा राहिलो. सासूच्या अंगाला हात कसा लावायचा, हा विचार मनात आला. मग मनगट धरलं. तव्यासारखं गरम, आणि कोरडं. एवढ्या उकाड्यात घामाचा थेंब नाही. पदर बाजूला केला. डोळे अर्धे उघडे, ओठ पांढरे पडलेले, श्वास भराभर चाललेला.

रसवंती चालवणारी बाई मशीन बंद करून धावत आली. शकीला आपा तिचं नाव, हे मला नंतर कळलं. पन्नाशीची, धिप्पाड. तिनं एकदा कपाळाला हात लावला आणि सगळं हातात घेतलं.

"अम्मा को लू लगी है. उठाओ, छाँव में लेको चलो."

आम्ही दोघांनी उचलून मामींना झाडाखालच्या बाजेवर ठेवलं. मी पाण्याच्या बाटलीचं बूच उघडलं तर आपानं हात धरला. "पानी नक्को पिलाओ अब्बी. होश में नै हैं वो, गले में अटकेगा. तुम उधर हटो, मैं कपडे ढीले करती. फोन करो दवाखाने को."

बर्फाच्या लादीवरची ओली गोणपाटं तिनं ओढून काढली, मामींच्या अंगावर पसरली. बर्फ फोडून फडक्यात बांधला, मानेशी आणि काखेत धरला. पुठ्ठ्यानं वारा घालत ती मामींशी बोलत राहिली, जणू जन्माची ओळख. "अम्मा, आँखां खोलो. घर जाना है ना?"

माझा फोन डॅशबोर्डवर राहिला होता. तो घ्यायला वाकलो तेव्हा काटा लाल पट्टीतच होता. ॲम्ब्युलन्सला फोन लावला, त्यांनी वीस-पंचवीस मिनिटं सांगितली. पुढची काही मिनिटं मी गाडीच्या दारात उभा — एकदा बाजेकडं बघायचो, एकदा आत. मला दुसरं काही करता येत नव्हतं. आपानं दुसऱ्यांदा बर्फ बदलला तेव्हा काटा पट्टीच्या खाली आला होता. मग आणखी एक रेघ. इंजिन बंद होतं, फॅन लागलेला नव्हता, बाहेर भट्टी पेटल्यासारखं ऊन. काटा त्याच्या गतीनं उतरत होता. अर्ध्यावर आला आणि थांबला, आणि त्याच सुमाराला बाजेवरून आवाज आला.

"पाणी..."

आपा म्हणाली, "हौ अम्मा, देती. धीरे पीओ."

मी मघाची बाटली आणून तिच्या हातात दिली.

शुद्ध आल्यावर ॲम्ब्युलन्सची वाट न बघता आम्ही मामींना गाडीतूनच खुलताबादच्या दवाखान्यात नेलं. आपा रसवंती उघडी टाकून मागं बसली, मामींचं डोकं मांडीवर घेऊन. सलाइन लागली. डॉक्टर तरुण होती, शांतपणे बोलणारी. म्हणाली, "उष्माघात आहे, पण वेळेत थंड केलंत. कधी लक्षात आलं तुमच्या?"

मी म्हणालो, "माझ्या नाही आलं. गाडी तापली म्हणून थांबलो."

"थांबला नसतात तर शहर गाठेपर्यंत पाऊण तास. अवघड होतं," ती म्हणाली आणि कागद भरायला लागली.

संध्याकाळी सुनंदा आली. आईचा हात धरून रडली, मग रागावली. "अगं, बरं वाटत नाही हे सांगायचं ना ह्यांना."

मामी छताकडं बघत म्हणाल्या, "कसं सांगावं? जावई मानूस. आन सकाळपासून पाणी नव्हतं पेले. पाणी पेलं असतं तर मधी गाडी थांबवा म्हनावं लागलं असतं."

मी व्हरांड्यात निघून गेलो. पंधरा वर्षांत मी त्यांच्याशी नीट चार वाक्यं बोललो नव्हतो, आणि त्याचा हिशेब आज असा समोर आला होता.

चार दिवसांनी गाडी बब्बूभाईंकडं नेली. त्यांना सांगितलं, काटा त्या दिवशी चालू झाला होता, आता पुन्हा C वर आहे. त्यांनी बॉनेट उघडलं, हात घातला, आणि वायरचं टोक बाहेर काढून दाखवलं. त्यांचीच काळी टेप, त्यांचीच गाठ, धूळ बसलेली. "साहेब, ये तो वैसाच है. काटा कैसे हिलेगा?"

मी मल्टीमीटर लावला. वायर मधोमध तुटलेली, चांगली चार बोटांची फट. ही वायर बॉडीला चिकटली तर काटा उठतो, ते मला माहीत आहे. म्हणून टेप काढून ती मुद्दाम इंजिनला टेकवली. काटा क्षणात H च्या पलीकडं जाऊन आपटला. काढली, पुन्हा C वर. मधे कुठं थांबणं नाही, रेघेरेघेनं चढणं नाही. डॅशबोर्ड उघडून मीटर तपासला, व्यवस्थित. पुढच्या दोन रविवारी भर दुपारी त्याच चढावरून गाडी नेली. काटा C वर झोपलेला. कारखान्यातल्या कुठल्याही मीटरनं असं केलं असतं तर मी दोन तासांत कारण काढून सही केली असती.

मामींना मी बऱ्याच दिवसांनी हे सांगितलं. डोळ्याचं ऑपरेशन झालं होतं, त्यांना गावी सोडायला निघालो होतो. त्यांनी ऐकून घेतलं आणि विचारलं, "मंग तुमी काय म्हनता? कुनी क्येलं?"

"मला नाही माहीत, मामी."

"बरं," त्या म्हणाल्या. मग पदर सारखा करत, "पन थांबले तर तुमीच ना. काटा काय, कुनालाबी दिसला असता. लई लोक बघत्यात आन तसंच जात्यात."

खुलताबादला रसवंतीपाशी गाडी थांबवली. मामींनी आपासाठी चोळीचा खण आणला होता. आपानं तो डोळ्यांना लावला, मामींच्या डोळ्यावरचा हिरवा चष्मा बघून हसली आणि आम्हाला पैसे देऊ दिले नाहीत. मग दोघी बाजेवर बसून अर्धा तास बोलत राहिल्या, एक दखनीत, एक मराठीत. एवढं बोलताना मी मामींना प्रथमच बघितलं. तिथून निघाल्यावर दहा मिनिटांत मागून त्यांनी हाक मारली, "जावईबापू, जरा कुठं थांबवा बरं." मी थांबवली. मला त्या दिवशी एवढं बरं का वाटलं, हे सांगता यायचं नाही.

ती गाडी नंतर मी विकली. वायर नवीन टाकली नाही. ज्यानं घेतली त्याला काटा बंद आहे हे स्पष्ट सांगितलं.

तुमच्यापैकी कुणाला याचं तांत्रिक कारण सुचलं तर जरूर लिहा, मी मनापासून वाचेन. मला आजवर सापडलेलं नाही. काटा दोन वर्षं बंद होता, वायर तुटलेली होती, इंजिन तापलेलं नव्हतं आणि काटा वर चढला. यातलं एकही वाक्य मला खोडता येत नाही. कुणाचे आभार मानायचे तेही कळत नाही. शकीला आपाचे मानले. बाकीचे मानायचे राहिलेत.

आज सकाळी मामींचा फोन होता. शेजारची गाय व्यायली, चीक ठेवलाय, रविवारी या म्हणाल्या. आता फोन थेट मलाच करतात. चिकाला गूळ घालू का साखर, हेही मलाच विचारलं. गूळ म्हणालो.