एकदम खरं पाहिजे

चंद्रशेखर कर्णिकांनी जन्मभर खोटे दात केले आणि एकही दात खोटा वाटू दिला नाही. लंडनच्या ईलिंग भागात कुणी मनापासून हसलं, तर त्या हसण्यात कर्णिकांचा हात असण्याचा संभव बराच होता, पण हसणाऱ्याला त्याचा पत्ता नसे. डेंटिस्ट पेशंटला खुर्चीत बसवून चार गोड शब्द बोलायचा आणि नाव कमवायचा. कवळ्या आणि कॅप घडायच्या त्या मागच्या लॅबमध्ये, कर्णिकांच्या टेबलावर. त्याचा त्यांना राग नव्हता. राग होता तो पांढऱ्याशुभ्र दातांचा.

पेशंट टीव्हीवरच्या नटनट्यांचे फोटो पाठवायचे, असेच दात हवेत म्हणून सांगायचे. कर्णिक फोटो बघायचे, मान डोलवायचे आणि आपल्या मनासारखं करायचे. हिरडीशी जरा पिवळट झाक, कडेला चहाचा पुसटसा डाग, एखादा दात जेमतेम वाकडा. तोंडात चुन्याची भिंत बसवून हिंडायचंय का यांना, असं ते घरी बायकोला, वरदाबाईंना, म्हणत. गंमत अशी की पेशंट तक्रार करत नसत. आरशात बघून काही जण रडतसुद्धा. त्यामुळे माणूस मागतो एक आणि त्याला हवं असतं दुसरंच, हे कर्णिकांच्या डोक्यात जे बसलं ते कायमचं बसलं.

आता ते निवृत्त होऊन मुलाच्या घरी राहत होते. मुलगा रवी इथेच जन्मलेला. त्याला मराठी कळायचं, पण उत्तर इंग्रजीत यायचं, लहानपणापासून. सून हेलन स्वभावाने लाघवी, तिच्याविरुद्ध बोलायला जागा नाही, पण तिच्याशी बोलायचं म्हणजे इंग्रजीच. नात तनिषा झाली तेव्हा वरदाबाईंनी फर्मान काढलं: मुलाच्या वेळी चुकलो, आता या पोरीशी आपण दोघांनी इंग्रजीचा एक शब्द बोलायचा नाही. दोघं शब्दाला जागले. शाळेतून आणताना, पार्कात, टीव्हीपुढे, तापात, रुसव्यात, सगळं मराठीत.

पोरीचं मराठी मोठं मजेदार झालं. 'पाऊस आली' आणि 'माझा चप्पल' असायचे, आणि आजोबांना मान म्हणून 'तुम्ही' असायचं, पण क्रियापद 'तू'चं. वरदाबाई आधी हसायच्या आणि मग सुधारायच्या. वरदाबाई गेल्या आणि सुधारणं बंद पडलं. कर्णिकांची हिंमत होत नसे. घरात मराठी बोलणारं एवढं एकच माणूस उरलेलं, त्याच्या चुका काढायच्या आणि ते गप्प झालं तर? महाराष्ट्र मंडळात सणावाराला भेटणारी माणसं होती, पण 'आबा, चहा घेणार का' असं आपल्या भाषेत विचारणारं आता तनिषाशिवाय कोणी नव्हतं. तेही बंद झालं तर आपण उरलो तरी कशाला, असं त्यांच्या मनात येई. बोलून दाखवलं नाही कधी, पण धास्ती होती ती एवढीच.

तर ही तनिषा, सतरा वर्षांची, एका व्हिडिओ गेमच्या पायी वेडी झालेली. त्यात आकाशात जहाज हाकणारी एक बाई होती, कप्तान. गेमवाल्यांची मोठी जत्रा भरणार होती पूर्व लंडनमध्ये, तिथे तनिषा त्या कप्तानाचा वेश करून जाणार होती. कोट हेलनने शिवला. राहिलं होतं कप्तानाचं पिस्तूल. तनिषाने खेळण्यांच्या दुकानातून प्लॅस्टिकचं पिस्तूल आणलं, नारिंगी आणि पोपटी, आणि ते आबांपुढे ठेवून फोनवर चित्र दाखवलं. चित्रातलं पिस्तूल मोरपिशी रंगाचं, त्यावर सोनेरी वेली, नळीचं तोंड गुलाबी.

"आबा, तुम्ही रंगवशील ना? एकदम खरं पाहिजे," तनिषा म्हणाली. "खोटं दिसला तर सगळे हसतील."

तिला म्हणायचं होतं, चित्रात आहे तस्सं हवं. त्याला मराठीत 'हुबेहूब' असा सुरेख शब्द आहे, पण तो तिच्यापर्यंत कधी पोचलाच नव्हता. तिच्याकडे होता तो 'खरं', तोच तिने दिला. आणि ऐकणारा कोण, तर जन्मभर 'खोटं दिसता कामा नये' एवढा एकच जप केलेला माणूस. कर्णिकांनी चित्र पाहिलं. मान डोलवली. मनात म्हणाले, मोरपिशी लोखंड कुठे असतं का? स्क्रीनवर सगळंच भडक दिसतं. पोरीला काय हवंय ते आपल्याला कळलंय.

मग त्यांनी त्या पिस्तुलात जीव ओतला. जुनी कुंचल्यांची पेटी बाहेर निघाली. काळ्या रंगावर शिसपेन्सिलीची पूड कापसाने घासून घासून त्यांनी प्लॅस्टिकला पोलादाची चमक आणली. वेली काढल्या, पण जुन्या पितळेच्या, काळवंडलेल्या. मूठ अक्रोडाच्या लाकडाची दिसेल अशी, आणि जिथे अंगठा टेकतो तिथे लाकूड झिजलेलं. रवी एकदा डोकावून गेला तेव्हा त्यांनी रुमाल टाकून ते झाकलं. म्हणाले, आधी तनिषाला. वरदाबाई गेल्यापासून हे गृहस्थ इतके खूश कोणी पाहिले नव्हते. टेबलाशी बसून गुणगुणत होते.

जत्रेच्या सकाळी तनिषा कोट घालून खाली आली. रवी आणि हेलन बाजारहाटाला बाहेर पडले होते. कर्णिकांनी रुमाल उचलला.

पोरीचा चेहरा क्षणभर थिजला. कर्णिकांना वाटलं, थक्क झाली. पेशंट आरशात बघताना असेच व्हायचे म्हणे. मग तिने त्यांच्याकडे पाहिलं, त्यांच्या उजळलेल्या तोंडाकडे, आणि गळ्यात हात टाकून म्हणाली, "खूप खरं आहे, आबा." पिस्तूल बॅगेत तळाशी ठेवून ती निघाली. कर्णिक खिडकीतून ती वळेपर्यंत बघत राहिले. वरदाबाई असत्या तर म्हणाल्या असत्या, अहो, आता आत या, थंडी आहे. ते आपल्याच मनाने आत आले.

या देशात खेळण्यातली पिस्तुलं नारिंगी-पोपटी का असतात, हे कर्णिकांना ठाऊक नव्हतं. ती लांबून खेळणी म्हणून ओळखू यावीत म्हणून कायद्याने तशी करावी लागतात, आणि रंगवून ती खऱ्यासारखी करणं हाच गुन्हा असतो. इतकी वर्षं राहून हे माहीत नव्हतं. माहीत असण्याचं कारणही नव्हतं, त्यांचा संबंध दातांशी.

दुपारी रवीचा फोन आला, आणि तो बोलत असताना कर्णिकांना आधी काहीच कळेना. स्टेशन, पोलीस, तनिषा, एवढे शब्द कळले. मागे हेलन रडत होती. कर्णिक तसेच फोन धरून खाली बसले.

संध्याकाळी तिघं घरी आले. कोटावर पुढच्या बाजूला प्लॅटफॉर्मची सगळी घाण लागलेली. तनिषा कोणाकडे न बघता वर गेली. मग रवीने बापाला झालं ते सांगितलं, आवाज न चढवता, आणि तेच जास्त वाईट होतं. तनिषा वाटेत दुकानात शिरली होती. तिथून तिने गुलाबी चिकटपट्टी घेतली आणि प्लॅटफॉर्मवरच्या बाकावर बसून पिस्तुलाच्या नळीला गुंडाळायला लागली. कोणीतरी पाहिलं, फोन केला. त्या माणसाचं काय चुकलं? पोलीस धावत आले. तिला पालथं झोपवलं, हात पसरायला लावले. पिस्तूल उलटंपालटं करून प्लॅस्टिक आहे हे कळेपर्यंत ती तशीच पडून होती. नंतर चौकीत सगळे नीट वागले. पुढे कारवाई होणार नाही म्हणाले, पिस्तूल ठेवून घेतलं, आणि ते कोणी रंगवलं हेही विचारलं. तिने सांगितलं, मीच.

"डॅड, दे पॉइंटेड गन्स ॲट हर," रवी म्हणाला. "रिअल वन्स."

कर्णिकांच्या काळजात चर्र झालं, पण ते दुसऱ्याच गोष्टीने. गुलाबी पट्टी. म्हणजे पोरीला सकाळीच कळलं होतं. रुमाल उचलला तेव्हाच कळलं होतं की हे चुकलंय, आणि आबांना वाईट वाटू नये म्हणून ती मूग गिळून बाहेर पडली, आबांची चूक गुपचूप झाकायला. एक शब्द बोलली असती तर घरातच भागलं असतं. तो शब्द तिने त्यांच्या आनंदापायी बोलला नाही, आणि जमिनीवर पालथी पडली. त्यांना वाटलं, हे सहन होण्यासारखं नाही. पण ते झालं, कारण होत नाही म्हणून माणूस करणार काय?

दोन-तीन दिवसांनी ती त्यांच्या खोलीत आली. कर्णिक माफी मागायला शब्द जुळवत होते, तेवढ्यात तिनेच सुरुवात केली.

"सॉरी, आबा. माझी मराठीची चूक होता," ती म्हणाली. "मला खरं नव्हतं म्हणायचं. दुसरा वर्ड पाहिजे होता, मला येत नाही."

"हुबेहूब," कर्णिक म्हणाले. तोंडातून निघून गेलं, आणि त्याच क्षणी त्यांनी जीभ चावली.

तिने मान हलवली. तो शब्द एकदाही उच्चारून बघितला नाही. पुढचं ती इंग्रजीत म्हणाली: आता इंग्रजीच बोलूया, म्हणजे पुन्हा असं होणार नाही.

ते चिडून नव्हतं, हेच तर दुःख. चिडली असती तर समजूत घालता आली असती. पोरगी घाबरली होती, आपल्या तोंडच्या मराठीला घाबरली होती. कर्णिक मराठीत काही बोलले की ती थांबायची, 'म्हणजे असंच ना?' म्हणून इंग्रजीत खात्री करून घ्यायची, साध्या मिठासाठीसुद्धा. 'चहा घेणार का' गेलं, 'टी, आबा?' आलं, आणि थोड्या दिवसांनी 'आबा' गळून नुसतं 'टी?' उरलं.

त्यांनी परोपरीने सांगून पाहिलं. तू बरोबर बोलली होतीस, तू चित्र दाखवलं होतंस, मीच डोळे असून पाहिलं नाही, मला वाटलं मला जास्त कळतं. ती ऐकून घ्यायची आणि हळूच हसायची. एक तर आबा आपली समजूत घालताहेत, नाहीतर आपल्याला पुन्हा नीट कळत नाहीये, असं तिला वाटायचं. मराठी समजत नाही असं ज्या माणसाने ठरवलंय, त्याला मराठीत कसं पटवणार? कर्णिकांनी चार रात्री तळमळत काढल्या.

एका रविवारी ती भांडी पुसत होती. कर्णिक तिच्याशेजारी जाऊन उभे राहिले. वरदाबाईंची मनातल्या मनात माफी मागितली आणि तिच्या जन्मापासून जे केलं नव्हतं ते केलं.

"युअर मराठी वॉज परफेक्ट, तनिषा," ते म्हणाले. "द मिस्टेक वॉज माइन. आय डिडन्ट लुक ॲट युअर पिक्चर."

तनिषाने फडकं खाली ठेवलं. त्यांच्याकडे बघत राहिली आणि मग त्यांच्या खांद्यावर डोकं ठेवून पोटभर रडली. या वेळी तिला पटलं. शब्द न् शब्द पटला. मनावरचं ओझं उतरलं तशी ती बोलायला लागली: स्टेशनवरचं, त्या थंड फरशीचं, आबांना दुखवायचं नव्हतं त्याचं, आणि मग कॉलेजचं, मैत्रिणींचं, इतक्या दिवसांचं साचलेलं सगळं. किती भराभरा बोलत होती, किती छान, कुठेही न अडखळता. मराठीत ती इतकं कधीच बोलली नव्हती.

कर्णिक ऐकत राहिले, आणि जिथे हसायचं तिथे हसलेही. मग तिने काहीतरी विचारलं आणि त्यांनी इंग्रजीत उत्तर दिलं.